उजव्या कोपऱ्यातली लेक

छत्रीकाकांनी आयुष्यात एकही छत्री विकली नव्हती. ते लोकांच्या गच्च्यांवर टीव्हीच्या छत्र्या बसवायचे, आणि हे काम त्यांनी इतकी वर्षं केलं होतं की त्यांचं खरं नाव आता फक्त विजेच्या बिलावर उरलं होतं. बाजाराच्या मागच्या गल्लीत त्यांचं दुकान होतं. दुकान म्हणजे, दोन माणसं समोरासमोर आली तर एकानं बाहेर जाऊन दुसऱ्याला वाट द्यावी, एवढी खोली. भिंतीशी मेलेले सेट-टॉप बॉक्स रचलेले, खिळ्यांना वायरींची भेंडोळी, रिमोटांनी भरलेलं एक घमेलं, आणि काउंटरच्या मागे, गिऱ्हाइकाला दिसणार नाही असा, एक छोटा टीव्ही.

रोज दुपारी काका शटर अर्धं खाली ओढायचे. गल्लीला वाटायचं, काका जेवतात. डबा उघडलेला असायचा हे खरं, पण पहिला घास बराच वेळ हातातच राहायचा. त्या वेळी सीमेपलीकडच्या वाहिनीवर दुपारच्या बातम्या लागत, आणि पडद्याच्या उजव्या कोपऱ्यात, छोट्याशा गोलात, काकांची लेक उभी असायची. ज्यांना ऐकू येत नाही त्यांच्यासाठी ती बातम्या हातांनी सांगायची. काका तिच्याशी सहा वर्षं बोलले नव्हते. खरं म्हणजे ती काकांशी बोलली नव्हती, आणि त्याला कारणही काकाच होते.

बाकी गल्लीसाठी काका म्हणजे सुखाचा नळ होते. वरून, उपग्रहातून येणारं चित्र सगळ्यांच्याच गच्चीवर पडतं, त्यात श्रीमंत-गरीब असा भेद नाही, पण ते कुलूप लावून येतं. कुलूप साधं नाही, दर काही सेकंदांनी त्याची किल्ली बदलते. नवी किल्लीसुद्धा वरूनच येते, पुडीत बांधून, आणि ती पुडी सोडायचं काम बॉक्समधलं कार्ड करतं. कंपनीला पैसे भरले की कार्ड जिवंत, नाही भरले की मेलं. काकांकडे असं एकच जिवंत कार्ड होतं, सीमेपलीकडे राहणाऱ्या एका ट्रकवाल्याच्या मेहुण्याच्या नावावर घेतलेलं. कंपनी आपल्या देशाबाहेर कार्ड द्यायचीच नाही, आणि फोनवर ती वाहिनी लावायला गेलं तर ‘तुमच्या भागात उपलब्ध नाही’ अशी पाटी यायची. काकांनी ते कार्ड दुकानातल्या बॉक्समध्ये घातलं आणि गल्लीतल्या घरोघरी बिनकार्डाचे बॉक्स दिले. त्या बॉक्समधलं कंपनीचं सॉफ्टवेअर काढून दुसरंच भरलेलं. घरातला बॉक्स इंटरनेटवरून दुकानातल्या बॉक्सला विचारायचा, किल्ली काय? हा सांगायचा. थोड्या सेकंदांनी पुन्हा तेच. दिवसभर गल्लीतली सगळी घरं काकांच्या दुकानाशी असं बोलत असायची. लाइन मंद झाली, किल्ली वेळेवर पोचली नाही, की पडद्यावरच्या नटीचं तोंड उघडंच्या उघडं थिजायचं आणि काकांचा फोन वाजायला लागायचा.

ही चोरी होती का? होती. काकांना माहीत होतं, गल्लीला माहीत होतं, आणि दोघंही या विषयावर फार खोलात शिरत नव्हते.

लेक त्यांना सापडली ती अशीच, काम करता करता. सलूनवाल्याच्या गच्चीवर छत्री वळवत होते, खाली सलूनवाला टीव्हीसमोर बसून “आलं, गेलं, आलं, गेलं” ओरडत होता. शेवटी “आलं, आलं, बातम्या आल्या!” म्हणाला, म्हणून काका खाली आले, तर कोपऱ्यात ती. केस मागे बांधलेले, काळा सदरा, आणि हात चाललेले. काका पान्हा हातात घेऊन तिथेच खुर्चीत बसले. सलूनवाल्याला वाटलं, ऊन लागलं. त्यानं पंखा त्यांच्याकडे वळवला आणि दाढी करू का म्हणून विचारलं.

काकांची बायको जन्मापासून बहिरी. लग्न ठरवणाऱ्यांनी “मुलगी शांत आहे” एवढंच सांगितलं होतं, आणि ते खोटं नव्हतं. चार वर्षं ती बहिऱ्यांच्या शाळेत गेली होती, तिथल्या खुणा तिला यायच्या. लिहिता येत होतं ते साबण, तेल, गोळ्या एवढ्यापुरतं. काकांनी या खुणा शिकायच्या असं नव्या नवलाईत ठरवलं होतं, पण दिवस भरभर गेले, मुलगी झाली, आणि मुलगी तोंडानं बोलायच्या आधी हातांनी बोलायला लागली. मग काकांना शिकायची गरजच उरली नाही. “विचार तुझ्या आईला, माझा निळा शर्ट कुठाय.” “सांग तुझ्या आईला, पाहुणे येताहेत.” डॉक्टरकडे ती, बँकेत ती. नवरा-बायकोचं भांडण व्हायचं तेसुद्धा त्या सात वर्षांच्या पोरीतून. बाबांचे शब्द ती आईकडे न्यायची, आईचे बाबांकडे आणायची, आणि मधल्या मध्ये दोघांचे चटके सोसायची. ती शाळेत असेल तेव्हा काकांचा एकच उपाय होता. बायकोनं काहीही सांगितलं की मान डोलवायची. त्या मान डोलवण्यानं आजवर किती घोळ घातले याची गणती नाही. एकदा तर तिनं माहेरी जाऊ का विचारलं, यांनी मान डोलवली, आणि संध्याकाळी बायको हरवली म्हणून गल्लीभर शोधत फिरले.

पुढे लेकीला सीमेपलीकडे शिकायला जायचं होतं. याच विद्येचं शिक्षण, हातांच्या भाषेचं. काका बिथरले.

“मग तुझ्या आईशी बोलायचं कुणी?”

“तुम्ही,” ती म्हणाली. “लग्न तुम्ही केलंय, बाबा. मी नाही.”

खरं बोललेलं माणसाला जास्त झोंबतं. काका नको ते बोलून बसले, “जायचं तर जा, पण परत तोंड दाखवू नकोस.” ती गेली. आणि शब्दाची पक्की निघाली. तिकडेच लग्न केलं, तेसुद्धा काकांना दारातून, फोनच्या पडद्यावरच दिसलं. आईला दर रविवारी व्हिडिओ कॉल करायची, दोघी तास तास हातांनी बोलायच्या, हसायच्यासुद्धा, आणि काका दारात उभे राहून बघायचे. घरात सगळ्यात जास्त गप्पा त्याच वेळी व्हायच्या आणि आवाज म्हणून पंख्याचा. काका चुकून पडद्यात आले की पलीकडून टाटाचा हात हलायचा आणि फोन बंद. तोंड दाखवू नकोस म्हटलं होतं ना. आता त्याच तोंडासाठी काकांना चोरीची किल्ली लागत होती.

पण बातम्यांत एक सोय होती जी रविवारच्या फोनमध्ये नव्हती. तिथे शेजारी निवेदक बोलत असायचा. तो जे तोंडानं म्हणे तेच ती हातानं म्हणे, त्यामुळे काकांना पहिल्यांदाच कळायला लागलं की आपली लेक काय बोलतेय. मग एक दिवस त्यांनी काउंटरखाली हात धरून तिची नक्कल केली. पाऊस. दुसऱ्या दिवशी, सरकार. मग दरवाढ, निवडणूक, संप, अपघात. हळूहळू त्यांचा शब्दसाठा कोणत्याही वार्ताहराला शोभेल असा झाला. घरी मात्र त्याचा काडीचा उपयोग नव्हता. मंत्रिमंडळाची बैठक पुढे ढकलली, हे काका बायकोला व्यवस्थित सांगू शकले असते. मीठ जास्त पडलंय, हे नाही. त्यात बायकोसमोर हात वर करायची त्यांना लाज वाटायची. आख्ख्या बाजाराला सिग्नल पकडून देणारा माणूस, आणि घरातला सिग्नल यानं तीस वर्षं पकडला नाही, हे कबूल कसं करायचं?

काकांना तशी सगळी भाषा नकोच होती. एक वाक्य हवं होतं. माझं चुकलं, मला माफ कर. ते हातांवर बसलं की एखाद्या रविवारी पडद्यात घुसायचं आणि तिनं फोन बंद करायच्या आत दाखवून टाकायचं, असा बेत होता. कान पकडून दाखवणं सोपं होतं, पण ते त्यांना पोरखेळ वाटे. लेक ज्या भाषेसाठी घर सोडून गेली, त्याच भाषेत म्हणायचं होतं. अडचण एकच होती. बातम्यांमध्ये कुणीही माफी मागत नव्हतं. पूल पडले, गोदामं जळली, लोक उपाशी राहिले, पण मंत्री चौकशीचे आदेश द्यायचे, विरोधकांवर टीका करायचे, आणि जागचे हलायचे नाहीत. काका घास हातात धरून चरफडायचे. “अरे, एकदा तरी चुकलं म्हणा की लेको!”

अशात त्यांना लेकीचे सदरे सैल दिसायला लागले. काळा सदरा आधी ढगळ झाला, मग त्यावर ओढणी आली, मग हात पुढे येताना पोटाला वळसा घालून यायला लागले. काका पडद्याला नाक लावून बघत राहिले. मग त्यांना आठवलं, दोन-तीन महिन्यांपूर्वी बायको फोन ठेवून धावत बाहेर आली होती, डोळे भरलेले, हातांनी भराभरा काहीतरी सांगत होती. आणि यांनी नेहमीसारखी मान डोलवली होती. वरून “हो हो” असंही म्हणाले होते. आजोबा होणार ही बातमी काकांनी अशी घेतली होती. त्या दुपारी त्यांनी डबा तसाच झाकून ठेवला. आता ती रजेवर जाणार, गोलात दुसरी कुणीतरी उभी राहणार, आणि ते एक वाक्य राहूनच जाणार, या विचारानं त्यांना दुसरं काही सुचेना.

आणि नेमकी त्याच आठवड्यात संधी आली. सीमेपलीकडे एका शहरात नळाला घाण पाणी येऊन शेकडो माणसं आजारी पडली. इतका गदारोळ झाला की शेवटी निवेदकानं सांगितलं, पाणीपुरवठा मंत्री परवा दुपारी जनतेची जाहीर माफी मागणार आहेत. थेट प्रक्षेपण. काकांच्या आयुष्यात कुठल्याही मंत्र्याची इतक्या आतुरतेनं वाट पाहिली गेली नव्हती.

मधल्या दिवशी मात्र चषकाचा अंतिम सामना होता, दुपारचा, त्याच कंपनीच्या वाहिनीवर. आणि सामन्याच्या दिवशी कंपनी हटकून एक खेळी करायची. मधूनच पडद्यावर एक लांबलचक आकडा यायचा, कधी वर, कधी खाली, डोळ्याची पापणी लवेपर्यंत गायब. प्रत्येक कार्डाचा आकडा वेगळा. तो चोरीच्या पडद्यावर कुणाला दिसला आणि कंपनीपर्यंत पोचला, की कार्ड कुठलं ते कळलं, आणि ते वरूनच मारता यायचं. म्हणून अशा दिवशी शहाणा माणूस किल्ल्यांचं वाटप बंद ठेवतो. काकांनी ठरवलंही होतं तसं. पण सकाळीच सलूनवाला दारात हजर.

“काका, पंचवीस माणसं येणारेत. बाकडी भाड्यानं आणलीत मी.”

“आज नाही जमणार.”

“माझी इज्जत जाईल हो!”

“फोटो काढाल तुम्ही लोक.”

“आईशप्पथ, एक फोटो नाही काढत. सगळ्यांचे फोन माझ्या गल्ल्यात जमा करतो.”

काकांना नाही म्हणता येत नसे. मान डोलवायची सवय माणसाला अशी बाहेरही नडते. त्यांनी वाटप चालू ठेवलं.

सलूनवाला शब्दाला जागला. सगळ्यांचे फोन त्यानं गल्ल्यात टाकले. स्वतःचा तेवढा राहिला. सामना जिंकल्यावर त्यानं गळ्यात टॉवेल घालून, मागे पडदा आणि चषक दिसेल असा, स्वतःचाच फोटो काढला आणि ‘आमचं सलून, आमचा संघ’ म्हणून जगजाहीर केला. त्याच्या डाव्या कानाच्या वर, पांढऱ्या अक्षरांत, काकांच्या कार्डाचा आकडा होता.

दुसऱ्या दिवशी काकांनी शटर नेहमीपेक्षा लवकर ओढलं. डबा उघडलाच नाही. बातम्या सुरू झाल्या. लेक गोलात आली, आज तिनं खुर्ची घेतली होती. मंत्री माइकसमोर उभे राहिले, घसा साफ केला, पाण्याचा घोट घेतला. काकांनी आपला उजवा हात तयार ठेवला.

“झाल्या प्रकाराबद्दल,” मंत्री म्हणाले, “मी सर्व नागरिकांची...”

लेकीनं मूठ वळली. मूठ छातीकडे निघाली. आणि चित्र थिजलं. लेकीचे चौकोन चौकोन झाले, आवाज तुटला, मग पडदा काळा झाला आणि त्यावर एक ओळ आली, कार्ड वैध नाही.

काकांनी कार्ड काढलं, सदऱ्याला पुसलं, परत घातलं. बॉक्स बंद करून चालू केला. त्यांना माहीत होतं, यानं काही होत नसतं. वरून मारलेलं कार्ड पुसून जिवंत होत नाही. तरी त्यांनी तिसऱ्यांदा पुसलं. तेवढ्यात फोन वाजायला लागला. सलूनवाला, मग औषधाच्या दुकानातली बाई, मग परत सलूनवाला. काकांनी फोन वाजू दिला. ते काळ्या पडद्याकडे बघत होते. मूठ छातीकडे निघालेली त्यांनी पाहिली होती. पुढे ती काय करते? टेकते, आपटते, उघडते? अर्धा शब्द हातात होता आणि बाकीचा अर्धा विचारायला जगात एकच माणूस होतं. ते माणूस दोन गल्ल्या पलीकडे कपडे वाळत घालत असणार. तीस वर्षं ते तिथेच होतं.

काका उठले. भर उन्हात, घामाघूम, धापा टाकत घरी पोचले. बायको गच्चीतून खाली येत होती. तिचं लक्ष वेधायला नेहमी दिव्याचं बटण खालीवर करतात, पण काकांना तेवढाही धीर नव्हता. ते तिच्यासमोर उभे राहिले, मूठ वळली आणि छातीवर नेली.

काकूंच्या हातातली बादली पडली. नवरा अवेळी घरी येतो, चेहरा लाल, श्वास लागलेला, आणि छाती धरतो. कुठल्याही बाईनं जे केलं असतं तेच त्यांनी केलं. काकांना खांद्याला धरून खाटेवर आडवं केलं, शर्टाची बटणं उघडली, तोंडावर पाणी मारलं आणि शेजारणीला बोलवायला दाराकडे धावल्या. काका उठून बसले, त्यांचा हात धरला, मान जोरजोरात नाही नाही अशी हलवली. आयुष्यात बहुधा पहिल्यांदाच त्यांनी बायकोसमोर मान आडवी हलवली होती. मग दुसरं काही सुचेना म्हणून, जो पोरखेळ करायचा नव्हता तोच केला. दोन्ही कान पकडले. आणि लगेच मूठ छातीवर नेऊन, भुवया उंचावून विचारलं, हे कसं?

काकू थांबल्या. ओले केस, उघडी छाती, खाटेवर बसलेला तो म्हातारा होऊ लागलेला माणूस त्यांनी नीट पाहून घेतला. मग शेजारी बसल्या, त्यांची मूठ आपल्या हातात घेतली, त्यांच्याच छातीवर टेकवली आणि सावकाश गोल फिरवली. एकदा, दोनदा. एवढंच होतं. काकांनी स्वतः करून पाहिलं. काकूंनी मनगट सरळ केलं.

काकांनी फोनकडे बोट दाखवलं. लेकीला दाखवायचंय.

काकूंनी नकारार्थी मान हलवली. स्वतःच्या छातीवर बोट ठेवलं. आधी मला.

काकांना हे वाक्य कुणी समजावून सांगावं लागलं नाही. त्यांनी बायकोकडे तोंड केलं, मूठ छातीवर ठेवली आणि गोल फिरवली. डोळ्यांतून पाणी वाहायला लागलं तरी हात थांबेना, कारण कुठे थांबायचं हे बातम्यांत आलं नव्हतं. शेवटी काकूंनीच त्यांचा हात धरून खाली घेतला आणि पदरानं त्यांचं तोंड पुसलं. जरा रागानंच पुसलं.

मग त्यांनी फोन उचलला. रविवार नव्हता, तरी लावला. लेक नुकतीच बातम्या संपवून बसली असावी, तोच सैल सदरा होता. आईला पाहून ती हसली, हात वर केले, आणि आईनं फोन वळवला. पडद्यावर बाबा. तिचं हसू गेलं. अंगठा लाल बटणाकडे निघाला.

काकांनी घाईघाईनं मूठ छातीवर आपटली आणि फिरवायला सुरुवात केली. घाबरल्यानं ती इतकी आवळली गेली होती की बोटांची पेरं पांढरी पडली. शब्द सुटू नये म्हणून ते दात खाऊन फिरवत होते. बाबा, आणि हातानं बोलताहेत? लेकीचा अंगठा तसाच राहिला. ती बघत होती. मग तिनं नाक ओढलं, आणि सहा वर्षांत पहिल्यांदा काकांनी तिचा आवाज ऐकला.

“बाबा, मूठ सैल सोडा,” ती म्हणाली. “भांडायला आल्यासारखे दिसताय.”

काकांनी मूठ सैल केली आणि पुन्हा पहिल्यापासून सुरुवात केली.